चालणाऱ्याचा रकाना

मुंबईतल्या एखाद्या मोठ्या सार्वजनिक रुग्णालयाच्या कॅज्युअल्टीत रस्त्यावर जखमी झालेला माणूस आणला, की केस पेपरवरची पहिली ओळ जवळजवळ ठरलेली असते: ‘अलेज्ड हिस्टरी ऑफ आरटीए’. सांगण्यावरून, रस्ते अपघात. त्याखाली रुग्ण शुद्धीवर आहे का, उलटी झाली का, कानातून रक्त येते का, हे सगळे नीट नोंदलेले असते, कारण पुढचे उपचार त्यावर ठरतात. पण हा माणूस मोटारीत बसला होता, दुचाकी चालवत होता, की भाजीची पिशवी हातात घेऊन रस्ता ओलांडत होता, हे त्या कागदावर पुष्कळदा सापडत नाही. मी अकरा वर्षे वैद्यकीय कोडिंगच्या, म्हणजे रुग्णांच्या कागदांवरून आजार-दुखापतींना ठरावीक कोड देण्याच्या, धंद्यात आहे आणि असे कागद घरच्या, शेजारच्या, ओळखीच्या माणसांसाठी अनेकदा वाचले आहेत. केस पेपरवर ही एक ओळ सक्तीची करावी आणि तिच्यावरून रुग्णालयाने कारणाचा कोड द्यावा, एवढेच माझे म्हणणे आहे. मागणी क्षुल्लक वाटेल, म्हणून ती सविस्तर मांडतो.

जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या रोग-दुखापतींच्या वर्गीकरणात दुखापतीला दोन बाजूंनी कोड द्यायचा असतो. शरीराला काय झाले, हे एस आणि टी या अक्षरांच्या कोडमध्ये येते. मांडीच्या हाडाचे फ्रॅक्चर एस ७२, नडगीचे एस ८२, मेंदूची दुखापत एस ०६. ते कशामुळे झाले, हे व्ही ते वाय या अक्षरांच्या स्वतंत्र प्रकरणात येते, आणि त्या प्रकरणाची सुरुवातच पादचाऱ्यापासून होते. व्ही ०१ ते व्ही ०९ हे सगळे कोड पायी चालणाऱ्याचे आहेत. सायकलची धडक बसली तर व्ही ०१, दुचाकी किंवा तीनचाकी मोटार वाहनाची बसली तर व्ही ०२, मोटारगाडी किंवा छोट्या व्हॅनची व्ही ०३, ट्रक वा बसची व्ही ०४, आगगाडीची व्ही ०५. पुढचा अंक घटना सार्वजनिक रस्त्यावरची आहे की नाही, ते सांगतो. जिथे यांपैकी काहीच लिहिलेले नाही, नुसते ‘रस्ते अपघात’ एवढेच आहे, त्यासाठीही एक जागा आहे: व्ही ८९.२. अनिर्दिष्ट मोटार अपघातातील व्यक्ती. ‘आरटीए’ एवढ्याच तीन अक्षरांवरून कोड द्यायचा झाला, तर कोडरपुढे दुसरा इलाज राहत नाही. रोगांच्या आकडेवारीवर काम करणारे संशोधक अशा कोडना सरळ कचऱ्याचे कोड म्हणतात, आणि त्यात जमा झालेली माणसे नंतर कुठल्याशा अंदाजी सूत्राने इतर रकान्यांत वाटून टाकतात.

पादचारी म्हणजे कोण, याची आयसीडी-१०ने केलेली व्याख्या मुंबईकराने एकदा वाचावी अशी आहे. अपघाताच्या क्षणी जो कोणत्याही वाहनात किंवा वाहनावर, सायकलवर किंवा जनावरावर नव्हता, तो पादचारी. रस्त्याच्या कडेला गाडी थांबवून टायर बदलणारा माणूस पादचारी. व्हीलचेअरवरचा माणूस पादचारी. आणि ढकलगाडी घेऊन जाणाराही पादचारीच. मस्जिद बंदरच्या गल्ल्यांतून कापडाचे गठ्ठे ओढून नेणारा हातगाडीवाला, डब्यांची गाडी ढकलणारा डबेवाला, यांना आपल्याकडचे वाहनचालक ‘वाहतुकीला अडथळा’ म्हणत असले, तरी वर्गीकरणाने त्यांना चालणाऱ्यांतच धरले आहे. याउलट, थांब्यावर बसच्या पायरीवरून उतरत असतानाच मागून घुसलेल्या दुचाकीने उडवलेला प्रवासी पादचारी नाही. त्याला बसचा प्रवासीच मानले जाते, आणि चढता-उतरताना झालेल्या इजेसाठी वेगळा अंक आहे. ज्यांनी हे लिहिले त्यांनी मुंबई पाहिली होती की नाही, कोण जाणे. पण इथल्या रस्त्यावरचे बारकावे टिपायला जागा मात्र त्यांनी ठेवली आहे.

उणिवाही आहेत, त्या झाकण्यात अर्थ नाही. व्ही ०२ मध्ये मोटारसायकल आणि रिक्षा एकत्र बसतात, व्ही ०४ मध्ये बस आणि डंपर. कुर्ल्याच्या स. गो. बर्वे मार्गावर ९ डिसेंबर २०२४च्या रात्री बेस्टच्या बसखाली जे पादचारी सापडले आणि एखाद्या बांधकामाच्या दगडमातीने भरलेल्या डंपरखाली जो सापडतो, त्यांचा कोड एकच. शहराच्या दृष्टीने या दोन घटना सर्वस्वी निराळ्या आहेत. एकीकडे चालकाचे प्रशिक्षण आणि आगाराची शिस्त तपासावी लागेल, दुसरीकडे बांधकामाच्या वेळा आणि ठेकेदाराच्या फेऱ्या. तरीही व्ही ०४ एवढे कळले, तरी व्ही ८९.२ पेक्षा ते कितीतरी पुढचे आहे.

आता माझ्या धंद्याविषयी. ऐरोलीला ठाणे-बेलापूर रस्त्यालगतच्या काचेच्या इमारतींत शेकडो मुले-मुली अमेरिकी रुग्णालयांचे कागद वाचून कोड देत बसलेली असतात. कुणी बी. फार्म. झालेले, कुणी प्राणिशास्त्राचे पदवीधर, कुणी होमिओपॅथी सोडून आलेले. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१०ची त्यांची स्वतःची विस्तारित आवृत्ती चालते. तिच्यात पायी चालताना मोटारीची धडक बसून प्रथमच उपचाराला आलेल्या माणसाचा कोड सात स्थानांचा होतो: व्ही ०३.१०एक्सए. तोच माणूस स्केटबोर्डवर असता तर मधला अंक बदलतो, आणि तपासणीसाठी पुन्हा आला तर शेवटचे अक्षर बदलते. नव्या मुलाने यात चूक केली तर माझ्यासारखा ऑडिटर त्याचे गुण कापतो. मी ते इमानेइतबारे करत आलो आहे. तिथेही कारणाचे कोड देण्याची देशभर सक्ती नाही, राज्य किंवा विमा कंपनी मागेल तिथे ते द्यावे लागतात, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. पण मागणारे आहेत, म्हणून देणारे शिकले. शिफ्ट संपवून हीच मुले खाली उतरतात आणि त्या रस्त्यावर दुभाजकाच्या फटीतून पलीकडे जातात. त्यांच्यापैकी कुणाला तिथे धडक बसली, तर त्याच्या कागदावर काय येईल, हे वर सांगितलेच आहे. तेव्हा मुंबई परिसरात हे काम जाणणारी माणसे नाहीत, ही सबब चालण्यासारखी नाही.

माझ्या मामांचे उदाहरण घरचे आहे, पण त्यात या विषयाच्या बहुतेक सगळ्या गाठी दिसतात, म्हणून लिहितो. वय बहात्तर, गिरणीतून निवृत्त, राहणे लालबागला. संध्याकाळी डॉ. बाबासाहेब आंबेडकर रस्ता ओलांडताना उड्डाणपुलाखालून उलट दिशेने आलेल्या मोटारसायकलने त्यांना पाडले. पोरगा पळून गेला नाही. त्यानेच टॅक्सी केली, रुग्णालयात नेले, एक्स-रे होईपर्यंत थांबला आणि मामींसमोर रडला. डाव्या खुब्याचे हाड मोडले होते. रुग्णालयाने रीतीप्रमाणे एमएलसी, म्हणजे पोलिसांना कळवायची वैद्यकीय-कायदेशीर नोंद, केली, चौकीवरचा हवालदार जबाब घ्यायला आला, आणि मामांनी ‘माझी कोणाविरुद्ध तक्रार नाही’ असे लिहून सही केली. पोराचे वय पाहून त्यांना दया आली, असे ते नंतर म्हणाले. गुन्हा नोंदला गेला नाही. डिस्चार्ज कार्डावर खुब्याच्या फ्रॅक्चरचे नाव होते, शस्त्रक्रियेचे नाव होते, बसवलेल्या कृत्रिम भागाचा स्टिकर चिकटवलेला होता आणि इतिहासाच्या जागी ‘आरटीए’ होते. मोटारसायकल नव्हती, रस्ता ओलांडणे नव्हते.

मामा पुन्हा धड चालले नाहीत. पडून राहिल्याने छातीत कफ साचत गेला आणि अपघातानंतर बहात्तराव्या दिवशी पहाटे ते घरीच गेले. चाळीतल्या जुन्या डॉक्टरांनी दाखला दिला, त्यावर कारण लिहिले ‘कार्डिओ-रेस्पिरेटरी अरेस्ट’. हृदय आणि श्वास थांबले. मरणारा प्रत्येक जण याच कारणाने मरतो. हे मरणाचे कारण नसून मरण्याची रीत आहे, ती कारणाच्या जागी लिहू नये, असे दाखल्याच्या सूचनांमध्ये स्पष्ट म्हटलेले असते. डॉक्टरांना मी दोष देत नाही. पहाटे पाच वाजता, रडत्या घरात, नातेवाइकांनी शवविच्छेदनाच्या फेऱ्यात सापडू नये म्हणून त्यांनी जे लिहिले, ते चांगुलपणाने लिहिले.

आता वर्गीकरणाच्या नियमाने पाहू. मृत्यूच्या दाखल्यावर घटनांची साखळी उलटी लिहायची असते: न्यूमोनिया, तो अंथरुणाला खिळल्यामुळे, ते खुब्याचे हाड मोडल्यामुळे, आणि ते रस्ता ओलांडताना मोटारसायकलची धडक बसल्यामुळे. साखळीचे मूळ तेच मृत्यूचे मूलभूत कारण, आणि दुखापतीच्या बाबतीत ते मोडलेल्या हाडाचा एस कोड नसते, व्ही कोडच असतो. मामांचे मूलभूत कारण व्ही ०२.१ होते. या हिशेबाला दिवसांची मुदत नाही. वर्ष उलटून गेल्यावर मृत्यू आला, तरी अपघाताच्या उत्तरपरिणामांसाठी वाय ८५.० हा कोड ठेवलेला आहे. पोलिसांच्या आकडेवारीत मात्र अपघातापासून तीस दिवसांच्या आत झालेला मृत्यूच अपघाती मृत्यू म्हणून मोजला जातो. मामा तीस दिवसांत गेले असते, तरी गुन्हाच नसल्याने मोजले गेले नसते. म्हणजे पोलिसांच्या वहीत ते जखमीही नाहीत आणि मृतही नाहीत, रुग्णालयाच्या वहीत ते एक खुबा आहेत, आणि पालिकेच्या मृत्युनोंदणीत एक थांबलेले हृदय.

हे एका घराचे दुर्दैव म्हणून सोडून देता आले असते. पण देशाच्या आकड्यांकडे पाहिले, की अशी माणसे किती असतील याचा अंदाज येतो. केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या अहवालानुसार २०२२ साली देशात रस्त्यांवर १,६८,४९१ माणसे मेली, त्यांत ३२,८२५ पादचारी होते. हे सगळे आकडे पोलिसांच्या नोंदींवरून येतात. जागतिक आरोग्य संघटनेने २०१६ या वर्षासाठी भारतातल्या रस्ते मृत्यूंचा अंदाज जवळपास तीन लाख दिला, तेव्हा सरकारी आकडा सुमारे दीड लाख होता. एवढी तफावत कुठून आली यावर तज्ज्ञांचे वाद आहेत आणि अंदाज काही थोडा फुगलेलाही असेल. पण मृत्यूसारख्या न लपणाऱ्या घटनेत दुपटीचा घोळ होऊ शकत असेल, तर जखमींच्या मोजणीत काय होत असेल? मुंबईत वाहतूक पोलिसांचे अहवाल निघतात, आणि मृतांत पादचारी व दुचाकीस्वार यांचाच मोठा वाटा असल्याचे त्यांतून वारंवार दिसले आहे. पण पाय गमावलेला, बोलणे अडखळू लागलेला, नोकरी सुटलेला पादचारी त्या अहवालांत येतो तो गुन्हा नोंदला गेला असेल तरच.

शिवाय पोलिसांची ‘गंभीर’ ही कल्पना वैद्यकीय नाही, कायद्याची आहे. भारतीय न्याय संहितेनुसार हाड मोडले किंवा निखळले की दुखापत गंभीर. दात पडला तरी गंभीर. माणूस पंधरा दिवस तीव्र वेदनेत राहिला किंवा त्याला नेहमीचे व्यवहार करता आले नाहीत, तरीही गंभीर. जुन्या दंडविधानात हे वीस दिवस होते. शिक्षा ठरवायला ही व्याख्या पुरेशी असेल. पण करंगळीचे फ्रॅक्चर आणि खुब्याचे फ्रॅक्चर एकाच रकान्यात टाकणाऱ्या आकड्यावरून कुठल्या नाक्यावर सिग्नलचा वेळ वाढवावा, हे कुणी कसे ठरवणार? त्यासाठी एस कोड आणि व्ही कोड एकत्र लागतात, आणि ते दोन्ही देऊ शकणारी जागा रुग्णालय हीच आहे.

मग रुग्णालये ते का देत नाहीत? मला वाटते, त्यांच्याकडून ते कुणी मागितलेच नाही. सरकारी आरोग्य योजनेचे पैसे पॅकेजवर मिळतात: कोणते हाड, कोणती शस्त्रक्रिया, किती दिवस. खासगी विम्याच्या ठरीव दाव्याच्या अर्जात रुग्णालयाने भरायच्या भागात दुखापतीचे कारण विचारलेले असते खरे, पण तिथे पर्याय आहेत स्वतः करून घेतलेली इजा, रस्ते अपघात आणि नशा. चालत होता की चालवत होता, याच्याशी विमा कंपनीला कर्तव्य नाही. रस्ते अपघातातल्या जखमींना सात दिवसांपर्यंत दीड लाख रुपयांचे रोखरहित उपचार देणारी केंद्राची योजना मे २०२५ मध्ये अधिसूचित झाली. चांगलीच गोष्ट आहे. यानिमित्ताने प्रत्येक जखमीची नोंद आता पैशाशी जोडली जाईल, आणि आपल्याकडे कागद नीट भरला जाण्याचे पैशाइतके खात्रीचे दुसरे कारण नसते. त्या दाव्यात व्ही कोड अनिवार्य करण्याची हीच वेळ आहे. ई-डार ही अपघातांची केंद्रीय संगणकीय नोंदप्रणाली पोलीस, परिवहन, रस्ते आणि आरोग्य या खात्यांना एकाच नोंदीत आणण्यासाठीच उभारलेली आहे. पण तिची सुरुवात पोलिसांच्या नोंदीपासून होते. मामांसारख्यांसाठी ती सुरूच होत नाही.

डॉक्टर मित्रांचा एक आक्षेप मी गंभीरपणे घेतो. ते म्हणतात, एमएलसीच्या कागदावर जितके जास्त लिहावे तितक्या जास्त वेळा न्यायालयात उभे राहावे लागते. निवासी डॉक्टर तीन वर्षांनी दुसऱ्या जिल्ह्यात गेलेला असतो, तिथे समन्स येते आणि वकील विचारतो, मोटारसायकलच होती हे तुम्ही स्वतः पाहिले का? म्हणून ‘अलेज्ड’ हा शब्द आणि म्हणून त्रोटकपणा. ही भीती खोटी नाही. पण व्ही ०२.१ हा कोड चूक कुणाची ते सांगत नाही. सिग्नल लाल होता का, चालक प्यायलेला होता का, पादचारी मोबाइलवर बोलत होता का, यातले काहीही त्यात नाही. ‘सांगण्यावरून’ हा शब्द ठेवूनही कोण आणि कशाने हे लिहिता येते. उलट, पोलिसांच्या नोंदीला दोष ठरवावाच लागतो, त्यामुळे तडजोड झाली की नोंदच उरत नाही. जी नोंद कुणालाच आरोपी करत नाही, ती मिटवण्यात कुणाचे हित गुंतलेले नसते, आणि मोजणीसाठी असा कागदच हवा.

दुसरा आक्षेप वेळेचा. रात्री दोनला शीव किंवा केईएमच्या कॅज्युअल्टीत जो उभा राहिला आहे, तो ‘आणखी एक फॉर्म भरा’ असे डॉक्टरांना सांगण्याचे धाडस करणार नाही. मीही करत नाही. एमएलसीचा जसा रबरी शिक्का मारतात, तसा आणखी एक शिक्का पुरे: जखमी पायी / दुचाकीवर / गाडीत, धडक कशाची, ठिकाण. खुणा करायला अर्धा मिनिट. कोड देणे हे डॉक्टरचे काम नाहीच, ते रेकॉर्ड विभागाने नंतर, दिवसाउजेडी करायचे आहे. त्या विभागात आज दाखल रुग्णांच्या गठ्ठ्यांसमोर दोन-तीन माणसे बसलेली असतात. तिथे शिकलेले कोडर नेमावे लागतील, आणि त्याला पैसे लागतील. इतके मान्य केलेच पाहिजे.

मृत्यूचे कारण कसे लिहावे, हा प्रश्न मुंबईला एकदा चांगलाच पटला होता. १६ जून २०२० रोजी जुन्या नोंदी तपासून शहराच्या कोविड मृत्यूंत एका दिवशी ८६२ मृत्यूंची भर घालावी लागली. त्या आठवड्यात रिक्षावालेसुद्धा ‘मूळ आजार’ आणि ‘कोविड’ यांतल्या फरकावर बोलत होते, आणि मृत्यू परीक्षण समित्या एकेक कागद पाहत होत्या. रस्त्यावरच्या पादचाऱ्याचा मृत्यू तसा साथीने येत नाही, एकेकटा येतो, म्हणून त्याच्या कागदाकडे कुणी दुसऱ्यांदा पाहत नाही.

कोड पडू लागले म्हणून गाड्यांचा वेग कमी होणार नाही, असे कुणी म्हणेल. बरोबर आहे. आयसीडी-१०चा ठिकाणाचा कोडदेखील ‘रस्ता वा महामार्ग’ एवढेच सांगतो. छेडा नगर की अमर महल, हे त्यातून कळत नाही. म्हणूनच शिक्क्यात ठिकाण हाताने लिहिलेले हवे. आज धोक्याची जागा, म्हणजे ब्लॅक स्पॉट, ठरते ती साधारण पाचशे मीटरच्या टप्प्यात तीन वर्षांत मृत्यू किंवा गंभीर दुखापतीचे पाच अपघात, अथवा दहा मृत्यू, या निकषावर, आणि तेही पोलिसांच्या नोंदींतून. ज्या नाक्यावर वर्षाला चाळीस म्हाताऱ्यांचे खुबे मोडतात पण तक्रार कुणीच करत नाही, तो नाका या मोजपट्टीने सुरक्षित ठरतो.

मामांना नेले त्या रात्री कॅज्युअल्टीच्या दारात मी उभा होतो. हवालदाराने पहिला प्रश्न विचारला तो असा: “कशाने उडवलं?” मामी म्हणाल्या, “मोटारसायकलने. चालत होते हो ते, क्रॉस करत होते.” त्याने मान डोलावली आणि ते आपल्या छोट्या डायरीत लिहून घेतले. आत डॉक्टरने केस पेपर पुढे ओढला होता. दोघांच्या मध्ये दहा पावलांचे अंतर होते.